महाराष्ट्रातील जपानी लोकप्रिय संस्कृती

जपानमध्ये निर्माण झालेली आणि मराठी समाजात रुजलेली मनोरंजनाची, वाचनाची व छंदांची विविध रूपे 'महाराष्ट्रातील जपानी लोकप्रिय संस्कृती' या संज्ञेत येतात. ॲनिमे म्हणजे जपानी सचेतनपट, मांगा म्हणजे जपानी चित्रकथा, कराओके, सुडोकू, ओरिगामी, कराटे, इमोजी आणि काही प्रमाणात हायकू यांचा त्यात समावेश होतो. यांपैकी काही गोष्टी इतक्या अंगवळणी पडल्या आहेत की त्यांचे मूळ जपानी आहे याची आठवणही राहिलेली नाही. ॲनिमेसारखी काही रूपे मात्र जपानी म्हणूनच ओळखली जातात आणि तरुण वर्ग ती त्याच ओळखीसाठी पाहतो. मुंबई व पुणे ही या प्रसाराची मुख्य केंद्रे असली, तरी कोल्हापूर, सांगली, साताऱ्यासारख्या शहरांतही दूरचित्रवाणी आणि पुढे भ्रमणध्वनीद्वारे ही संस्कृती पोहोचली. या प्रसारातील सर्वांत लक्षणीय बाब भाषेची आहे. मराठी मुलांना जपानी पात्रे भेटली ती प्रामुख्याने हिंदीतून.

जागतिक पार्श्वभूमी

दुसऱ्या महायुद्धानंतर जपानमध्ये स्वस्त मासिकांतून मांगाचा मोठा वाचकवर्ग तयार झाला. ओसामू तेझुका यांच्या मांगावर आधारित 'ॲस्ट्रो बॉय' ही मालिका १ जानेवारी १९६३ रोजी जपानी दूरचित्रवाणीवर सुरू झाली. दर आठवड्याला एक भाग देण्यासाठी कमीत कमी चित्रांत जास्तीत जास्त परिणाम साधण्याची जी पद्धत त्या मालिकेने रूढ केली, ती पुढे ॲनिमेची ओळखच बनली. डोळ्यांतील भाव, स्थिर चौकट, पार्श्वभूमीचे सरकते चित्र आणि ध्वनी यांवर भर देणारी ही शैली काटकसरीतून जन्मली होती. १९९६ साली आलेला 'पोकेमॉन' हा व्हिडिओ गेम आणि त्यावरील मालिका जगभर गाजली. २००२ साली अमेरिकी पत्रकार डग्लस मॅकग्रे यांनी 'फॉरेन पॉलिसी' या नियतकालिकात जपानच्या या सांस्कृतिक प्रभावावर लेख लिहिला आणि त्यानंतर 'कूल जपान' हा शब्दप्रयोग रूढ झाला. २००३ साली हायाओ मियाझाकी यांच्या 'स्पिरिटेड अवे' या चित्रपटास ऑस्कर पुरस्कार मिळाला. मार्च २००८ मध्ये जपानच्या परराष्ट्र मंत्रालयाने 'डोरेमॉन' या काल्पनिक निळ्या मांजरास ॲनिमेचा सांस्कृतिक दूत नेमले.

आरंभीचे संपर्क

मराठी वाचकांना जपानचा परिचय प्रथम उद्योगी व शिस्तप्रिय राष्ट्र म्हणून झाला. महर्षी धोंडो केशव कर्वे यांना महिला विद्यापीठाची कल्पना टोकियोतील जपानी महिला विद्यापीठाची माहितीपुस्तिका वाचून सुचली, ही गोष्ट सर्वश्रुत आहे. जपानकडे हसतखेळत पाहण्याची दृष्टी मात्र पु. ल. देशपांडे यांच्या 'पूर्वरंग' या प्रवासवर्णनाने दिली. सिंहगड रस्त्यावर ओकायामा शहरातील कोराकुएन उद्यानाच्या धर्तीवर उभारलेल्या पुणे-ओकायामा मैत्री उद्यानास पुलंचेच नाव आहे.

लोकप्रिय स्तरावर १९६६ सालच्या 'लव्ह इन टोकियो' या हिंदी चित्रपटाचा परिणाम अधिक गमतीदार होता. आशा पारेख नायिका असलेला हा चित्रपट आज फारसा कोणी पाहत नाही. पण केसांना बांधायच्या दोन मण्यांच्या रबरी बंधाला त्याचे नाव चिकटले ते कायमचे. बाजारात जाऊन 'लव्ह इन टोकियो' मागणाऱ्या शाळकरी मुलींच्या कित्येक पिढ्यांनी तो चित्रपट पाहिलेला नव्हता. ती वस्तू जपानी संस्कृतीचा भाग नव्हे. जपान या कल्पनेभोवती असलेल्या आधुनिकतेच्या वलयाची ती खूण होती.

साहित्य

सतराव्या शतकातील बाशो या कवीने उंचीवर नेलेला हायकू हा काव्यप्रकार मराठीत रुजवण्याचे श्रेय शिरीष पै यांना दिले जाते. आचार्य अत्रे यांच्या कन्या असलेल्या शिरीष पै (१९२९–२०१७) यांनी हायकूचे अनेक संग्रह प्रसिद्ध केले. शांता शेळके यांनी जपानी हायकूंचे मराठी रूपांतर 'पाण्यावरच्या पाकळ्या' या पुस्तकात केले. जपानी हायकूतील पाच-सात-पाच अशी ध्वनिमात्रांची बांधणी मराठीत काटेकोरपणे पाळली गेली नाही. तीन ओळी, त्यांपैकी दोन ओळींचे यमक आणि एकच क्षणचित्र असा त्याचा मराठी घाट ठरला. यमक ही मूळ जपानी रचनेची अट नव्हे. मराठी कानाला ते हवेसे वाटले म्हणून आले. सोप्या दिसणाऱ्या या घाटामुळे हौशी कवींत हायकूचा मोठा प्रसार झाला आणि त्यातील पुष्कळसे लेखन हायकूपेक्षा चारोळीला जवळचे राहिले.

तेत्सुको कुरोयानागी यांच्या 'तोत्तोचान' या पुस्तकाचा प्रभाव वेगळ्या स्वरूपाचा आहे. लेखिका जपानी दूरचित्रवाणीवरील अत्यंत लोकप्रिय सूत्रसंचालिका असून त्यांचा मुलाखतींचा कार्यक्रम १९७६ पासून चालू आहे. १९८१ साली प्रसिद्ध झालेल्या या आठवणींत महायुद्धकाळातील तोमोए या शाळेचे वर्णन आहे. रेल्वेच्या जुन्या डब्यांत भरणारी ही शाळा सोसाकू कोबायाशी हे मुख्याध्यापक चालवत. चेतना सरदेशमुख गोसावी यांनी केलेला मराठी अनुवाद नॅशनल बुक ट्रस्टने प्रकाशित केला. बालकेंद्री शिक्षणाचा विचार करणाऱ्या मराठी शिक्षकांत व पालकांत हे पुस्तक घरचे असल्यासारखे वाचले गेले. जपानमध्ये एका दूरचित्रवाणी तारकेचे लोकप्रिय आत्मकथन असलेले पुस्तक महाराष्ट्रात शिक्षणशास्त्राचे पुस्तक ठरले, हा सांस्कृतिक स्थलांतराचा बोलका नमुना म्हणावा लागेल. डिसेंबर २०२३ मध्ये जपानमध्ये या पुस्तकावर सचेतनपट प्रदर्शित झाला.

ओरिगामीचा प्रसारही शिक्षणाच्याच वाटेने झाला. विज्ञान-खेळण्यांसाठी प्रसिद्ध असलेले आणि पुण्यातील आयुकाच्या विज्ञान केंद्रात काम केलेले अरविंद गुप्ता यांनी कागदाच्या घड्यांतून भूमितीची ओळख करून देणारे साहित्य मुलांपर्यंत नेले. मुंबईत 'ओरिगामी मित्र' हा गट या कलेसाठी कार्य करतो.

सचेतनपट: फाळके ते राम मोहन

महाराष्ट्रात सचेतनपटाची परंपरा जपानी मालिका येण्याच्या कितीतरी आधीची आहे. दादासाहेब फाळके यांनी १९१५ च्या सुमारास काड्यापेटीतील काड्या चौकटीगणिक हलवून 'आगकाड्यांची मौज' हा लघुपट केला. कोल्हापुरात १ जून १९२९ रोजी स्थापन झालेल्या आणि १९३३ मध्ये पुण्यास गेलेल्या प्रभात फिल्म कंपनीने १९३० च्या दशकात 'जंबूकाका' हा छोटा व्यंगपट काढला. स्वातंत्र्यानंतर फिल्म्स डिव्हिजनने मुंबईत व्यंगपट विभाग सुरू केला. तेथे डिस्ने कंपनीत काम केलेले क्लेअर वीक्स यांनी तरुण चित्रकारांना शिकवले आणि त्यांतूनच राम मोहन पुढे आले. तथापि हे काम प्रामुख्याने कुटुंबनियोजन, आरोग्य, बचत अशा शासकीय विषयांत अडकून राहिले. मुलांना दर आठवड्याला नवी गोष्ट देणारा उद्योग त्यातून उभा राहिला नाही. पुढे जपानी मालिकांना जी मोकळी जागा मिळाली ती या अभावामुळे.

भारत आणि जपान यांच्या सहकार्यातील सर्वांत महत्त्वाची कृती म्हणजे 'रामायण: द लेजंड ऑफ प्रिन्स राम' हा १९९२ साली पूर्ण झालेला चित्रपट. माहितीपटकार युगो साको १९८३ साली पुरातत्त्वज्ञ बी. बी. लाल यांच्या अलाहाबादजवळील उत्खननावर माहितीपट करण्यासाठी भारतात आले असताना रामायणाकडे आकृष्ट झाले. त्यांनी या महाकाव्याच्या अनेक जपानी आवृत्त्या वाचल्या. राम हा देव असल्याने कोणा नटाच्या देहापेक्षा रेखाटलेल्या चित्रातून तो अधिक योग्य रीतीने उभा राहील, असे त्यांचे मत होते. जपानमध्ये सचेतनपट हे सर्व वयांचे आणि सर्व विषयांचे गंभीर माध्यम मानले जाते. भारतात तेव्हा 'कार्टून' म्हणजे पोरखेळ अशी समजूत होती. ही दोन टोके जुळेनात. परदेशी माणूस रामायणाचे कार्टून काढतो आहे अशा वार्तेवरून विश्व हिंदू परिषदेने आक्षेप नोंदवला. पुढे गैरसमज दूर झाला तरी विषय संवेदनशील असल्याने भारत सरकारने निर्मितीत सहभागी होण्यास नकार दिला. अखेर चित्रपट जपानी कंपनीमार्फत जपानमध्ये तयार झाला.

दिग्दर्शनात साको यांच्यासह कोइची सासाकी आणि राम मोहन यांची नावे आहेत. सुमारे ४५० कलावंतांनी त्यावर काम केले. जपानी चित्रकारांना धोतर कसे नेसतात, नमस्कार कसा करतात, ज्येष्ठांसमोर कसे बसतात हे समजावून देण्याचे काम भारतीय चमूकडे होते. संगीत मुंबईचे वनराज भाटिया यांचे आहे. मूळ आवृत्तीतील संस्कृत गीते वसंत देव यांनी रचली. मराठी नाटके हिंदीत नेणारे अनुवादक म्हणून देव मराठी रंगभूमीच्या अभ्यासकांना परिचित आहेत. हिंदी आवृत्तीत रामाचा आवाज अरुण गोविल यांचा, रावणाचा अमरीश पुरी यांचा आणि निवेदन शत्रुघ्न सिन्हा यांचे होते.

जानेवारी १९९३ मध्ये नवी दिल्लीतील आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवात हा चित्रपट दाखवला गेला. अयोध्येतील घटनेला तेव्हा जेमतेम महिना उलटला होता, आणि अशा वातावरणात त्याला मोठे व्यापारी प्रदर्शन लाभले नाही. त्याचा खरा प्रेक्षकवर्ग नंतर दूरचित्रवाणीवरील पुनःप्रक्षेपणांतून तयार झाला. सुटीच्या दिवशी तो पाहिलेल्या पिढीला तो पाठ आहे, पण तो जपानी आहे हे त्यांपैकी अनेकांना मोठेपणीच कळले. साको यांचे २०१२ मध्ये, तर पद्मश्री राम मोहन यांचे ११ ऑक्टोबर २०१९ रोजी निधन झाले. २४ जानेवारी २०२५ रोजी चित्रपट नव्या स्वरूपात हिंदी, तमिळ, तेलुगू व इंग्रजी भाषांत भारतीय चित्रपटगृहांत प्रदर्शित झाला.

दूरचित्रवाणी

ॲनिमे महाराष्ट्राच्या खेड्यापाड्यांत प्रथम पोहोचले ते दूरदर्शनवरील 'द जंगल बुक' या मालिकेद्वारे. निप्पॉन ॲनिमेशनची ही १९८९ ची ५२ भागांची मालिका १९९३ मध्ये हिंदीत आली. गुलजार यांचे शब्द व विशाल भारद्वाज यांचे संगीत असलेले शीर्षकगीत केवळ हिंदी आवृत्तीसाठी केलेले होते. शेरखानाचा आवाज नाना पाटेकर यांनी दिला होता आणि त्या आवाजाची जरब अनेकांच्या स्मरणात आहे. किपलिंगच्या कथेतील सिवनीचे अरण्य महाराष्ट्राच्या नागपूर जिल्ह्याला लागून आहे. त्यामुळे विदर्भाच्या शेजारचे जंगल इंग्रज लेखकाच्या लेखणीतून, जपानी चित्रकारांच्या हातून आणि हिंदी भाषेतून मराठी घरांत परत आले.

२००० नंतर खासगी बालवाहिन्यांचा प्रसार वाढला. २००४ साली मुंबईतील यूटीव्ही कंपनीने 'हंगामा' ही बालवाहिनी सुरू केली. त्याच वर्षी केवळ ॲनिमेला वाहिलेली 'ॲनिमॅक्स' ही वाहिनी भारतात आली. हंगामावर 'डोरेमॉन' आणि २००६ पासून 'शिन-चॅन' या मालिका गाजल्या. 'पोकेमॉन', 'ड्रॅगन बॉल झी', 'बेब्लेड', 'निंजा हातोरी', 'पर्मन' यांनीही बालप्रेक्षक मिळवले. यामागचे आर्थिक कारण साधे होते. नव्या मालिकेचा एकेक भाग तयार करण्यापेक्षा शेकडो तयार भागांचे हक्क घेऊन त्यांवर हिंदी आवाज चढवणे स्वस्त पडे. एकट्या 'डोरेमॉन'च्या १९७९ च्या मालिकेचे दीड हजारांहून अधिक भाग होते.

सांस्कृतिक कारण याहून महत्त्वाचे आहे. अमेरिकी व्यंगपटांतील उंदीर-मांजरांना घर नसते, गृहपाठ नसतो. नोबिताला मात्र दोन्ही आहेत. शून्य गुणांची उत्तरपत्रिका लपवणारा मुलगा, रागावणारी आई, कामावरून थकून येणारे वडील, गल्लीतला दांडगा मित्र आणि खेळायला मिळालेला एक मोकळा भूखंड हे सारे मराठी मध्यमवर्गीय घराला अनोळखी नव्हते. घरात जोडे काढून शिरणारी, जमिनीवर बसून भात खाणारी ही माणसे परकी वाटली नाहीत.

'शिन-चॅन'वरून झालेला वाद या प्रसाराची दुसरी बाजू दाखवतो. मोठ्यांशी उद्धटपणे बोलणारा आणि आचरट चाळे करणारा हा पाच वर्षांचा मुलगा पाहून मुले बिघडतात, अशा तक्रारी पालकांनी केल्या. २००८ मध्ये केंद्रीय माहिती व प्रसारण मंत्रालयाने मालिकेचे प्रक्षेपण थांबवले. पुढील वर्षी ती कात्री लावून परत आली. योशितो उसुई यांची ही मांगा १९९० मध्ये प्रौढ वाचकांच्या साप्ताहिकात सुरू झाली होती आणि तिचा विनोद आईवडिलांच्या पिढीवर होता. भारतीय वाहिनीने ती मुलांची मालिका म्हणून विकत घेतली. पालकांचा आक्षेप अस्थानी नव्हता. चूक मालिकेच्या वयोगटाची निवड करण्यात होती.

भाषेचा प्रश्न

मुंबईत हिंदी रस्त्यावर कानी पडते. कोल्हापूर, सांगली किंवा कोकणातील गावांत पूर्वी शाळेत हिंदी विषय सुरू होण्याआधी मुलाचा त्या भाषेशी संबंध चित्रपटगीतांपुरता असे. बालवाहिन्यांनी ही स्थिती बदलली. अक्षरओळख होण्यापूर्वीच मुले हिंदीतून खेळू व भांडू लागली, आणि घरातील वडीलधाऱ्यांनी त्याचे कौतुकही केले. बांगलादेशात हाच प्रश्न वेगळ्या रीतीने हाताळला गेला. मुले बंगालीऐवजी हिंदी बोलू लागल्याच्या तक्रारींनंतर फेब्रुवारी २०१३ मध्ये तेथील सरकारने हिंदी 'डोरेमॉन'चे प्रक्षेपण बंद केले. महाराष्ट्रात अशी मागणी मोठ्या प्रमाणावर पुढे आली नाही. मराठी प्रेक्षकाला हिंदी समजते, या गृहीतकावर वाहिन्यांचे जाहिरातींचे गणित बसलेले असल्याने तमिळ व तेलुगू आवाजांना जे प्राधान्य मिळाले ते मराठीला मिळाले नाही. वास्तविक पोरसवदा बोलीतील चेष्टा, टोपणनावे आणि ठसका यांनी मराठी समृद्ध आहे. कोल्हापुरी बोलीत जियान किती शोभला असता, याची कल्पना करता येते.

मुंबईच्या पार्श्वभूमीवरील ॲनिमे

२०१२ मध्ये 'कलर्स' वाहिनीवर आलेली 'सूरज: द रायझिंग स्टार' ही मालिका १९६६ च्या 'क्योजिन नो होशी' या बेसबॉलवरील मांगाचे भारतीय रूपांतर होती. बेसबॉलच्या जागी क्रिकेट आणि टोकियोच्या जागी मुंबई आली. मूळ कथेत वडील मुलाच्या अंगावर पोलादी स्प्रिंगांचा साज चढवून सराव करून घेतात; रूपांतरात त्याजागी सायकलच्या ट्यूब आल्या. गरीब वस्तीतील मुलगा, कठोर बाप आणि क्रिकेट हे मिश्रण मुंबईसाठी अगदी स्वाभाविक होते. तरीही मालिकेला 'डोरेमॉन'सारखी लोकप्रियता मिळाली नाही.

दैनंदिन जीवनातील रूपे

प्रौढ मराठी समाजात सर्वाधिक पसरलेले जपानी रूप कराओके हे आहे. 'रिकामा वाद्यवृंद' असा अर्थ असलेल्या या प्रकाराचे यंत्र दाइसुके इनोउए यांनी १९७१ मध्ये कोबे येथे तयार केले. त्यांनी त्याचे पेटंट घेतले नाही. जपानमध्ये मित्रमंडळी छोट्या बंद खोलीत गातात. महाराष्ट्रात मात्र कराओके सभागृहात गेले. निवृत्त कर्मचारी, डॉक्टर, शिक्षक, गृहिणी यांचे गट शहरोशहरी तयार झाले आणि जुन्या हिंदी-मराठी गीतांचे कार्यक्रम सूत्रसंचालनासह होऊ लागले. वाद्यवृंदाचा खर्च वाचल्याने हौशी गायकाला रंगमंच मिळाला. वादकांचे काम त्यामुळे कमी झाले, हेही खरे.

मराठी दैनिकांत नित्य येणाऱ्या सुडोकूचा आराखडा मूळचा अमेरिकी आहे. निकोली या जपानी प्रकाशनसंस्थेने १९८० च्या दशकात त्याला आजचे नाव व लोकप्रियता दिली. इमोजींचा प्रसिद्ध आरंभिक संच शिगेताका कुरिता यांनी १९९९ मध्ये एका जपानी दूरध्वनी कंपनीसाठी केला. त्यात १७६ चिन्हे होती. जोडलेल्या हातांचे चिन्ह जपानमध्ये विनंती वा आभार दर्शवते. मराठी व्हॉट्सॲप गटांवर तेच नमस्कारासाठी, श्रद्धांजलीसाठी आणि वाद थांबवण्यासाठीही वापरले जाते.

जपानी भाषेचे शिक्षण

पुणे हे भारतातील जपानी भाषाशिक्षणाचे एक अग्रगण्य केंद्र मानले जाते. सावित्रीबाई फुले पुणे विद्यापीठ व टिळक महाराष्ट्र विद्यापीठ येथे अभ्यासक्रम चालतात आणि 'जाल्टॅप' ही जपानी शिक्षकांची संघटना कार्यरत आहे. जपान फाउंडेशनच्या २०१८ च्या पाहणीनुसार भारतात सुमारे ३८ हजार विद्यार्थी जपानी शिकत होते. पूर्वी वाहन व संगणक उद्योगातील नोकरी हा शिक्षणाचा मुख्य हेतू असे. आता ॲनिमे पाहून काही शब्द आधीच कानी पडलेले विद्यार्थी वर्गात येतात. मालिकेतील पात्रांची रांगडी भाषा शिक्षकांशी वा कार्यालयात वापरली तर ती उद्धट ठरते, कारण जपानी भाषेत आदरार्थी रूपांची रचना अत्यंत काटेकोर आहे. 'तू' आणि 'आपण' यांतील भेद जाणणाऱ्या मराठी विद्यार्थ्याला हे तत्त्व तुलनेने लवकर उमगते.

कोल्हापूर

कोल्हापूरचा जपानशी क्रीडेतून आलेला एक जुना संबंध आहे. राजाराम महाविद्यालयाचे विद्यार्थी आणि येथील कुस्तीपरंपरेत घडलेले खाशाबा जाधव यांनी १९५२ च्या हेलसिंकी ऑलिंपिकमध्ये ज्या गटात कांस्यपदक मिळवले, त्यात सुवर्णपदक जपानच्या शोहाची इशी यांना मिळाले. इशी मुळात ज्युदोपटू होते आणि युद्धोत्तर काळात ज्युदोवर निर्बंध आल्याने कुस्तीकडे वळले होते. नंतरच्या काळात तालमींच्या या शहरात कराटेचे वर्गही शाळाशाळांतून सुरू झाले. तालमीतील लाल माती आणि पांढरा पोशाख शेजारी नांदू लागले.

बाबूराव पेंटर, आबालाल रहमान यांच्या या नगरीत चित्रकलेचे शिक्षण देणाऱ्या दळवीज आर्ट्स इन्स्टिट्यूट व कलानिकेतन यांसारख्या संस्था आहेत. पेंटर यांचे नाव धारण करणारी फिल्म सोसायटी कोल्हापूर आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव भरवते. चित्रपटासाठी पडदे, भित्तिपत्रके व देखावे हाताने रंगवण्याची परंपरा असलेल्या या शहरातून मांगासारखी मराठी चित्रकथा अद्याप उद्योग म्हणून उभी राहिलेली नाही. जपानी भाषेची प्रमाणित पातळी-परीक्षा देण्यासाठी येथील विद्यार्थ्यांना पुणे वा मुंबई गाठावी लागते.

चित्रपटगृहांतील ॲनिमे

११ ऑक्टोबर २०१९ रोजी माकोतो शिंकाई यांचा 'वेदरिंग विथ यू' भारतात प्रदर्शित झाला. चाहत्यांनी ऑनलाइन याचिकेवर हजारो स्वाक्षऱ्या गोळा करून हे प्रदर्शन घडवून आणले. त्यानंतर 'सुझुमे' (२०२३) आणि १२ सप्टेंबर २०२५ रोजी 'डेमन स्लेयर: इन्फिनिटी कॅसल' आला. या चित्रपटांच्या प्रेक्षकांत नोबिता व शिन-चॅन पाहत वाढलेले विशी-तिशीतील तरुण मोठ्या संख्येने असतात आणि त्यांपैकी अनेक जण मूळ जपानी आवाज व इंग्रजी उपशीर्षके पसंत करतात. 'इन्फिनिटी कॅसल' जपानीसह इंग्रजी, हिंदी, तमिळ व तेलुगू भाषांतून दाखवण्यात आला.